सेव्हियाहून आबांना: परतीचा वारा

सेव्हिया, स्पेन
जूनमधला रविवार

तीर्थरूप आबांस,
साष्टांग नमस्कार, विनंती विशेष.

मी इकडे खुशाल आहे. विमान कारखान्यातलं प्रशिक्षण नीट चाललंय, खोली बरी आहे, डाळ-तांदूळ मिळतो. ऊन मात्र चाळिशीपार गेलंय, दुपारी रस्त्यात चिटपाखरू दिसत नाही. आईला म्हणावं, टोपी घातल्याशिवाय मी बाहेर पडत नाही.

तिकडे 1 जूनची मासेमारीबंदी लागली. होडी वर ओढून झापांनी शाकारून झाली असेल आणि तुम्ही पडवीत जाळी सांधत बसला असाल. वाचायला सवड आहे म्हणून पत्र लांबलचक लिहितोय. मागे फोनवर तुम्ही म्हणालात, "जगाला फेरी मारणारी जहाजं त्या गावातून निघाली ना? गेली कशी ते सगळेच सांगतात. परत कशी आली ते बघ. वाऱ्याबरोबर बाहेर कोणीही जाईल." तेव्हापासून सुट्टी मिळाली की मी तेच शोधत असतो. आणि आबा, तुम्ही नेमक्या जागी बोट ठेवलंत. या लोकांना पॅसिफिक महासागर ओलांडून पलीकडे जाणं पहिल्याच खेपेत जमलं. तोच समुद्र उलट्या बाजूने ओलांडून घरी यायला त्यांना 43 वर्षं लागली. ही 43 वर्षं कोणी फारशी सांगत नाही.

आधी गाव सांगतो. सेव्हिया समुद्रावर नाहीच. ग्वादालकिवीर नदीने खाली गेलं की ऐंशीएक किलोमीटरवर सान्लुकारला समुद्र लागतो. मुखाशी वाळूचा दांडा आहे. भरती साधून, वाटाड्या घेऊन जहाजं आत-बाहेर करत, तरी कितीतरी तिथेच रुतली. एवढं अडचणीचं बंदर असूनही 1503 पासून दोनशेहून अधिक वर्षं स्पेनचा अमेरिकेशी व्यापार याच गावाच्या हुकमाने चालला, कारण राजाची कचेरी इथे होती. त्या कचेरीतली एक गोष्ट तुम्हाला आवडेल. 1508 मध्ये तिथे मुख्य नावाड्याचं पद काढलं आणि त्यावर पहिला माणूस नेमला तो आमेरिगो व्हेस्पुची. तांडेलकी करायची तर त्याच्यापुढे परीक्षा द्यायची. कचेरीत एक सरकारी नकाशा असे. परत आलेल्या प्रत्येक नावाड्याने आपण काय पाहिलं, खोली किती लागली, वारा कुठून होता हे येऊन सांगायचं आणि त्याप्रमाणे तो नकाशा दुरुस्त व्हायचा. म्हणजे जो परत आला नाही, त्याने पाहिलेलं सगळं त्याच्याबरोबर बुडालं.

नदीकाठी तोर्रे देल ओरो नावाचा जुना बुरूज आहे, साडेसातशे-आठशे वर्षांचा. त्याच्या जवळच धक्क्याला, जगाची फेरी पुरी करून आलेल्या 'व्हिक्टोरिया' जहाजाची प्रतिकृती बांधून ठेवली आहे. मी चढून पाहिलं. लांबी साधारण 26 मीटर. आपल्या बंदरातले मोठे ट्रॉलर डोळ्यांपुढे आणा, त्याहून फार मोठं नाही. तीन डोलकाठ्या. पुढच्या दोन काठ्यांना आडव्या काठीवर बांधलेली चौकोनी शिडं, मागच्या एकीला तिरकं तिकोनी शीड. चौकोनी शीड पाठीमागून वारा असला की जहाज जोरात ओढतं, पण वारा नाकावर आला की काही कामाचं नाही. सुकाणूला चाक नव्हतं, चाक फार पुढे आलं. सुकाणूवाला वरच्या फळ्यांखाली वाकून सुकाणूचा दांडा धरून उभा असायचा. त्याला ना शीड दिसे ना आभाळ. समोर होकायंत्र आणि वरून ओरडून मिळणारा हुकूम, एवढ्यावर चालवायचं. मी त्या जागी उभा राहिलो तर डोकं वर टेकलं. अर्ध्या तासाचं वाळूचं घड्याळ उलटायला पोरं नेमलेली असत, आणि प्रत्येक वेळी उलटताना त्यांनी देवाचं नाव घेत गाऊन सांगायचं, म्हणजे पोरगं झोपलं नाही हे सगळ्यांना कळे. उन्हाचा किंवा ध्रुवाचा कोन मोजून उत्तर-दक्षिण किती आलो ते समजायचं. पूर्व-पश्चिम किती आलो ते मोजायचं साधन नव्हतं, पाण्याकडे बघून वेगाचा अंदाज बांधायचा.

आता त्या मोहिमेचा म्होरक्या, मॅगेलन. तो स्पॅनिश नव्हता, पोर्तुगीज. 1505 मध्ये आल्मेदा नावाच्या पोर्तुगीज सरदाराच्या आरमारातून तो आपल्या पश्चिम किनाऱ्याला आला होता, काही वर्षं हिंदी महासागरातच लढला आणि 1511 मध्ये पोर्तुगीजांनी मलाक्का घेतलं तेव्हा तिथे होता. पुढे त्याचं पोर्तुगालच्या राजाशी बिनसलं. 1494 च्या तहाने या दोन राजांनी समुद्र आपसांत वाटून घेतला होता: पूर्वेकडून जायची वाट पोर्तुगालची, पश्चिमेची स्पेनची. ज्यांचा समुद्र होता त्यांना कोणी विचारलंच नव्हतं. मॅगेलन स्पेनच्या राजाला म्हणाला, लवंगांची बेटं मी तुम्हाला पश्चिमेकडून गाठून देतो. मार्च 1518 मध्ये करार झाला आणि 20 सप्टेंबर 1519 ला पाच जहाजं आणि सुमारे 240 माणसं सान्लुकारहून निघाली.

जाण्याची हकीकत तुम्हाला थोडक्यातच सांगतो. दक्षिण अमेरिकेच्या थंडीत बंड झालं, एक जहाज फुटलं, एक सामुद्रधुनीतून पळून माघारी आलं. उरलेली तीन नोव्हेंबर 1520 मध्ये पॅसिफिकमध्ये शिरली. पुढचे तीन महिने वीस दिवस ताजं अन्न मिळालं नाही. पिगाफेत्ता नावाचा इटालियन बरोबर होता, त्याने रोजनिशी लिहिली. बिस्किटांचा भुगा झालेला, त्यात किडे आणि उंदराच्या मुताचा वास. पाणी पिवळं पडलेलं. दोर घासून तुटू नयेत म्हणून काठ्यांना गुंडाळलेलं बैलाचं कातडं काढलं. ऊन-पावसाने ते इतकं कडक झालेलं की चार-पाच दिवस समुद्रात भिजत ठेवावं लागे, मग निखाऱ्यावर शेकून खायचं. उंदीर अर्ध्या ड्यूकटला (ड्यूकट म्हणजे सोन्याचं नाणं) एक विकला जायचा, तोही पुरेसा मिळेना. हिरड्या सुजून दातांवर येत आणि माणूस खायचाच थांबे. एकोणीस माणसं तशी गेली. एवढं सोसून फिलिपिन्स गाठलं, आणि एप्रिल 1521 मध्ये मॅगेलन मक्तान बेटावर लापुलापूच्या माणसांशी लढताना मेला. दुसऱ्याच्या गावात जाऊन, तिथल्या एका राजाची बाजू घेऊन, त्याने ती लढाई ओढवून घेतली होती. लापुलापूने आपलं गाव राखलं.

आता तुमचा प्रश्न. 1521 च्या अखेरीला, लवंगांच्या बेटांपैकी तिदोर बेटावर दोन जहाजं उरली होती, दोन्ही लवंगांनी भरलेली. 'व्हिक्टोरिया' आणि 'त्रिनिदाद'. निघायच्या वेळी 'त्रिनिदाद'च्या तळातून पाणी यायला लागलं. दोघांनी वाटा वाटून घेतल्या. 'व्हिक्टोरिया' पश्चिमेला जाणार, म्हणजे हिंदी महासागरातून, पोर्तुगीजांच्या समुद्रातून चोरून. 'त्रिनिदाद' दुरुस्त होऊन आल्या वाटेने, पूर्वेला पॅसिफिकमधून अमेरिकेला.

'व्हिक्टोरिया'वर कप्तान एल्कानो होता. त्याने आपला किनारा, आफ्रिकेची बंदरं, सगळं टाळून खूप दक्षिणेकडून समुद्र कापला. 60 जण निघाले होते, त्यांत 13 तिकडचे बेटवाले. आफ्रिकेच्या पश्चिमेला केप व्हर्द बेटांवर नाइलाजाने थांबले, तांदूळ घ्यायला. किनाऱ्यावर वार विचारला तर लोक म्हणाले गुरुवार, जहाजावरच्या नोंदीत बुधवार. अल्बो नावाचा नावाडी रोजची नोंद करायचा, पिगाफेत्ताही, एकही दिवस चुकलेला नव्हता. सूर्याबरोबर पश्चिमेला पृथ्वीची फेरी केली की एक दिवस कमी भरतो, हे माणसांना तेव्हा पहिल्यांदा अनुभवाने कळलं. तिथे पोर्तुगीजांना संशय आला आणि किनाऱ्यावर गेलेले 13 जण पकडले गेले. उरलेले पंप मारत मारत 6 सप्टेंबर 1522 ला सान्लुकारला पोचले, तेव्हा जहाजावर अठरा माणसं होती. एल्कानोने त्याच दिवशी राजाला पत्र लिहिलं. त्यात पृथ्वीची फेरी केल्याचं सांगितलं आणि मागणी केली ती पकडलेल्या तेरा सोबत्यांना सोडवण्याची. मला त्या माणसाबद्दल मनापासून आदर वाटतो तो या पत्रामुळे. सेव्हियाला पोचल्यावर ते हातात मेणबत्त्या घेऊन, अनवाणी, नवस फेडायला चर्चमध्ये गेले. एका जहाजातल्या लवंगांनी पाच जहाजांचा खर्च भरून निघाला.

पण नीट बघितलं तर 'व्हिक्टोरिया' परत आली ती दुसऱ्याच्या माहीत असलेल्या वाटेने. स्पेनला ती वाट पुन्हा वापरता येणार नव्हती. खरी परीक्षा होती 'त्रिनिदाद'ची, आणि तिचं नाव कोणाच्या तोंडी नाही. गोन्झालो गोमेझ दे एस्पिनोसा तिचा कप्तान. एप्रिल 1522 मध्ये पन्नासेक माणसं घेऊन निघाला. समोर सतत पूर्वेचा वारा. वाट मिळावी म्हणून तो उत्तरेला चढत गेला, बेचाळीसएक अंशांपर्यंत. तिथे थंडी आणि वादळ. अन्न संपलं, हिरड्यांचा रोग लागला, निम्म्याहून जास्त माणसं गेली. नाइलाजाने मागे वळला आणि पोर्तुगीजांच्या हाती सापडला. जहाज फुटलं, कागद जप्त झाले. उरलेल्यांना मलाक्का, कोची असं फिरवत ठेवलं. त्या सगळ्यांतले चार-पाचजण कित्येक वर्षांनी घरी आले. आबा, एस्पिनोसा उत्तरेला चढला हे बरोबर होतं. आणखी थोडी रसद असती तर कदाचित त्याचंच नाव राहिलं असतं.

त्यानंतरचे प्रयत्न बघा. 1527 मध्ये मेक्सिकोहून साव्हेद्रा निघाला. पोचला. परत यायला 1528 मध्ये एकदा, 1529 मध्ये दुसऱ्यांदा निघाला, दुसऱ्या खेपेत समुद्रातच वारला. 1542 मध्ये व्हिलालोबोस निघाला. फिलिपिन्स हे नाव त्याच्याच मोहिमेत पडलं, राजपुत्र फेलिपेवरून. त्याचं 'सान हुआन' जहाज 1543 आणि 1545 मध्ये परतीला निघालं, दोन्ही वेळा वळून आलं. शेवटी पोर्तुगीजांना शरण जाऊन व्हिलालोबोस 1546 मध्ये अंबोन बेटावर तापाने वारला. त्याच्या शेवटच्या दिवसांत उशाशी होते संत फ्रान्सिस झेवियर. होय, तेच, ज्यांच्या दर्शनाला आपण जुन्या गोव्याला बॉम जेझूमध्ये गेलो होतो. ते तेव्हा अंबोनला आलेले होते.

अडचण कुठे होती ते तुम्हाला एका वाक्यात कळेल. तुम्ही पहाटे मतलई वाऱ्यावर बाहेर जायचात आणि दुपारनंतर खाऱ्या वाऱ्यावर आत यायचात, वारा रोज आपणच वळायचा. महासागरात तो तसा वळत नाही. विषुववृत्ताच्या उत्तरेला दहा ते पंचवीस अंशांच्या पट्ट्यात बारा महिने पूर्वेचा वारा. त्यावर बसलं की मेक्सिकोहून फिलिपिन्सला तीनएक महिन्यांत पोचतो. पण त्याच पट्ट्यात परत फिरलं की तोच वारा तोंडावर. पश्चिमेचा वारा आहे, पण तो पस्तीस अंशांच्या वर. म्हणजे परतीसाठी आधी घराच्या दिशेने नाही, तर सरळ उत्तरेला, थंडीत, हजारो किलोमीटर चढायचं आणि मग वळायचं. अटलांटिकमध्ये कोलंबसने 1493 मध्ये हेच केलं होतं, तो समुद्र लहान म्हणून निभावलं. पॅसिफिकमध्ये एवढं चढेपर्यंत पाणीच संपायचं. प्रश्न होता कधी निघायचं याचा.

ते ज्याला कळलं त्याचं नाव आंद्रेस दे उर्दानेता. स्पेनच्या उत्तरेकडचा, बास्क. 1525 मध्ये सतरा-अठरा वर्षांचा असताना तो मोहिमेवर निघाला, त्याच मोहिमेत एल्कानोही होता. ऑगस्ट 1526 मध्ये एल्कानो पॅसिफिकमध्ये वारला. त्याच्या मृत्युपत्रावर साक्षीदार म्हणून या पोराची सही आहे. उर्दानेता पुढे जवळजवळ नऊ वर्षं मसाल्याच्या बेटांवर अडकला. तिथली भाषा शिकला, तिथल्या लोकांच्या होड्यांतून फिरला, कोणत्या महिन्यात वारा कुठून येतो हे त्यांच्याकडून ऐकलं. 1536 मध्ये पोर्तुगीज जहाजातून कोचीमार्गे लिस्बनला आला, बरोबर बेटावर जन्मलेली लहान मुलगी. लिस्बनला उतरताच अधिकाऱ्यांनी त्याचे सगळे कागद, नकाशे काढून घेतले. तो कसाबसा स्पेनमध्ये आला आणि सगळं आठवणीतून पुन्हा लिहून राजाला दिलं. नऊ वर्षांचे वारे डोक्यात ठेवलेला माणूस.

नंतर तो मेक्सिकोला गेला आणि 1553 मध्ये साधू झाला. पन्नाशी उलटल्यावर मठात त्याला राजा दुसऱ्या फेलिपेचं पत्र आलं: मोहिमेबरोबर जा. त्याची समजूत होती की जायचं न्यू गिनीला, कारण फिलिपिन्स तहाने पोर्तुगालच्या वाट्याचं असं त्याचं ठाम मत होतं. नोव्हेंबर 1564 मध्ये लेगास्पीच्या हाताखाली जहाजं निघाली, आणि किनारा दिसेनासा झाल्यावर मोहोरबंद हुकूम फोडला: फिलिपिन्स. साधूला फसवून नेलं होतं. त्याने नाराजी बोलून दाखवली आणि आपलं काम केलं.

आता तारीख नीट वाचा. तो सेबूहून 'सान पेद्रो' जहाज घेऊन परतीला निघाला ती 1 जून 1565 ला. तेव्हाचं त्यांचं पंचांग दहा दिवस मागे होतं, म्हणजे आजच्या हिशेबाने 11 जून. आपल्याकडे मृगाचा पाऊस सुरू होतो ते दिवस! ज्या नैर्ऋत्य मोसमी वाऱ्यासाठी तुम्ही होडी वर ओढता, त्याच वाऱ्याचा फिलिपिन्सकडचा पदर त्याने पाठीशी घेतला. त्या वाऱ्याने त्याला ईशान्येकडे ढकललं, पुढे जपानकडे जाणारा उष्ण प्रवाह मिळाला, चाळीसएक अंशांपर्यंत चढला तेव्हा तिकडे उन्हाळाच होता, आणि तिथे पश्चिमेचा वारा लागला. सप्टेंबरात कॅलिफोर्नियाचा किनारा दिसला. 8 ऑक्टोबरला आकापुल्को. चार महिन्यांहून जास्त दिवस, कुठेही न थांबता. जहाजाचा मुख्य नावाडी एस्तेबान रॉड्रिगेझ किनारा दिसल्यावर, बंदर गाठायच्या आधी वारला. चौदा-पंधरा माणसं गेली होती आणि आकापुल्कोला नांगर टाकायलाही धड हातांत जोर राहिला नव्हता. कप्तान कोण, तर लेगास्पीचा कोवळा नातू फेलिपे दे साल्सेदो. वाट सांगणारा मात्र तो साधू.

आबा, इथे मला एका माणसाबद्दल फार वाईट वाटतं. त्याच मोहिमेत 'सान लुकास' नावाचं एक लहान जहाज होतं, त्याचा नावाडी लोपे मार्तिन, पोर्तुगालचा, आफ्रिकी वंशाचा. सुरुवातीलाच ते बाकीच्या जहाजांपासून वेगळं पडलं, फिलिपिन्सला पोचलं आणि उर्दानेताच्या आधी दोन महिने, 9 ऑगस्टला, मेक्सिकोला परत आलंसुद्धा. म्हणजे परतीची वाट पहिल्यांदा कापली ती लोपे मार्तिनने. पण कप्तान आरेयानोवर पळून गेल्याचा आरोप आला, आणि नोंदी उर्दानेताच्या जास्त नीट होत्या. पुढे मार्तिनला दुसऱ्या जहाजावर नावाडी करून पुन्हा फिलिपिन्सला पाठवलं. तिथे लेगास्पीच्या हातून आपल्याला शिक्षाच होणार हे त्याला कळलं, जहाजावर बंड झालं आणि शेवटी त्याला एका प्रवाळबेटावर सोडून जहाज निघून गेलं. त्या वाटेला त्याचं नाव लागायला हवं होतं असं मला वाटतं. उर्दानेताची थोरवी त्याने कमी होत नाही, कारण पुढच्या नावाड्यांनी जी वाट धरली ती उर्दानेताच्या कागदांवरून.

आणि ती वाट 250 वर्षं चालली, 1565 ते 1815. मनिलाहून मोठी गॅलियन जहाजं चिनी रेशीम, मसाले आणि आपल्याकडचं सुती कापड घेऊन आकापुल्कोला जात, आणि मेक्सिको-पेरूच्या खाणींतली चांदी घेऊन परतत. त्यातली बरीच जहाजं मनिलाजवळ काविते इथे बांधली गेली, तिथल्याच कठीण लाकडाची. लाकूड इतकं चिवट की तोफेचे गोळे त्यात रुतून बसत. ते लाकूड तोडायला, ओढायला फिलिपिनो माणसं वेठीला धरलेली असत, मजुरी वर्षानुवर्षं थकलेली. खलाशीही निम्म्याहून अधिक तेच. एर्नान्दो दे लोस रिओस कोरोनेल नावाच्या माणसाने राजाकडे तक्रार केली की या माणसांना उत्तरेच्या थंडीत कपडेसुद्धा देत नाहीत, रोज सकाळी तीन-चार गारठून मेलेले सापडतात. पश्चिमेचा वारा ज्या थंडीत मिळतो, तिची किंमत या लोकांनी चुकवली. इथे सेव्हियात चांदीने मढवलेल्या वेदी बघताना मला तेच आठवत राहतं.

त्या जहाजावरचं रोजचं जगणं कसं होतं हे सांगणारा एक साक्षीदार आपल्या ओळखीच्या मुलखातून गेलेला आहे. जेमेल्ली कारेरी, नेपल्सचा वकील, हौसेने जग फिरायला निघालेला. 1695 मध्ये तो दमण, वसई, गोवा करत कृष्णाकाठी गलगल्याला आला. तिथे मराठ्यांशी लढत बसलेल्या औरंगजेबाची छावणी होती. त्याने बादशहाला पाहिलं: पांढऱ्या दाढीचा, वयाने वाकलेला, काठीवर टेकलेला. हाच माणूस पुढे चीन करून मनिलाला गेला आणि 1697 च्या जूनअखेर आकापुल्कोच्या जहाजात बसला. 204 दिवस आणि पाच तास लागले, असं त्याने मोजून लिहिलंय. पीप भरून पाणी नेलं तर मालाला जागा उरेना, म्हणून पावसावर भिस्त. शिडांच्या दोरखंडांना चटया टांगायच्या, खाली बांबूच्या चिरलेल्या पन्हळी, त्यांतून पाणी मातीच्या रांजणांत. बिस्किटात अळ्या, डाळीत अळ्या. चार-पाच महिने फक्त पाणी पाहिल्यावर एक दिवस समुद्रात तरंगणारं लांब गवत दिसे. ती जमीन जवळ आल्याची खूण. त्या दिवशी घंटा वाजायची आणि खलाशी न्यायाधीशांचे झगे घालून वरच दरबार भरवत. कप्तानापासून सगळ्या मोठ्या माणसांवर खटले चालत आणि दंड म्हणून चॉकलेट, बिस्किटं, पैसे वसूल होत. इतके महिने ज्यांचा शब्द झेलला, त्यांना एक दिवस आरोपी करायचं. हे वाचून मला आपल्या बंदरावरचा शिमगा डोळ्यांपुढे आला.

हे सगळे कागद इथेच आहेत. मोठ्या चर्चच्या शेजारी व्यापाऱ्यांची जुनी इमारत आहे, 1785 मध्ये तिसऱ्या कार्लोस राजाने तिथे अमेरिका आणि फिलिपिन्सचे सगळे दप्तर एकत्र आणून ठेवले. आठ कोटी पानं आहेत म्हणतात. बघायला तिकीट नाही. गुलाबी दगडाचा जिना चढून गेलं की भिंतभर कपाटं, महोगनीची. बरंचसं आता संगणकावरही बघता येतं. मी एका नावाड्याची नोंद पडद्यावर पाहिली. अक्षर मला लागलं नाही, पण रोज एक परिच्छेद, तारीख, अंश, वारा, एवढं ओळखता आलं. तुमच्या त्या लाल वहीची आठवण झाली, ज्यात तुम्ही कुठल्या दिवशी कुठल्या वावावर किती मासळी मिळाली ते लिहीत आलात. ती वही कपाटात वर ठेवा, पडवीत नको, ओल येईल. मी आलो की तिचे फोटो काढून घेणार आहे. आणि अजून जे लिहिलं नाही, म्हणजे आभाळ कसं दिसलं की तुम्ही माघारी वळायचात, पाण्याचा रंग, पक्षी, ते या दोन महिन्यांत वेदूला सांगून लिहून घ्या. तिचं अक्षर चांगलं आहे.

एक गोष्ट तुम्हालाच विचारायची आहे. एस्पिनोसा एप्रिलमध्ये निघाला, साव्हेद्रा दोन्ही वेळा मे-जूनच्या सुमारास, पण बराच दक्षिणेकडून, विषुववृत्ताजवळून. उर्दानेता आणखी उत्तरेकडून, मोसमी वारा नीट लागल्यावर. एप्रिल-मेमध्ये, वारा बदलायच्या आधी, समुद्र कसा वागतो हे तुम्ही चाळीस वर्षं पाहिलंत. एस्पिनोसाने दोन महिने तिथेच थांबून जहाज आणखी नीट करून घेतलं असतं, तर तो पोचला असता का? की पन्नास माणसांना आणि गळक्या तळाला ती वाट झेपलीच नसती? इथल्या पुस्तकांत याचं उत्तर मिळालं नाही. काकांनाही विचारा, त्यांचं मत बहुधा तुमच्या उलट असेल. दोघांचं काय ठरतं ते वेदूकडून लिहून पाठवा.

माझं काम सप्टेंबरअखेर संपेल, गणपतीला यंदा जमणार नाही, दिवाळीला नक्की येतो. आईसाठी इथलं केशर आणि तुमच्यासाठी त्या जहाजाचा कागदी नकाशा घेऊन ठेवलाय, सगळ्या दोऱ्या आणि शिडं नावानिशी दाखवलेला. गुडघ्याचं औषध चालू ठेवा, पावसात धक्क्यावर जाऊ नका, शेवाळ असतं.

आईस साष्टांग नमस्कार, काका-काकूंना नमस्कार, वेदूला अनेक आशीर्वाद.

कळावे, लोभ असावा.

आपला,
महेश